गोदीवाल्यांची छत्री : लिव्हरपूलच्या एका मोडलेल्या स्थानकाची कहाणी

इतिहासाच्या व्याख्यानाला येणाऱ्या श्रोत्याला डोळ्यांपुढे काही तरी उभे असावे लागते. रायगडावर गेले तर समाधी आहे, वेरुळास गेले तर कैलास आहे, आणि अगदी काही नसले तरी ढासळलेला एखादा बुरूज असतोच. त्या दगडाला हात लावला म्हणजे गेलेला काळ थोडासा हाताला लागल्यासारखा वाटतो. आज ज्या वास्तूविषयी बोलायचे आहे तिचे मात्र जोतेसुद्धा उरलेले नाही. कारण तिला जोते असे नव्हतेच. ती लोखंडी खांबांवर, रस्त्यापासून सोळा फूट उंच, अधांतरी उभी होती. इंग्लंडातील लिव्हरपूल बंदराच्या ऐन तोंडाशी असलेले पिअर हेड नावाचे हे रेल्वेस्थानक. ६ मार्च १८९३ रोजी, सोमवारी, ते लोकांसाठी उघडले आणि ३० डिसेंबर १९५६ रोजी, रविवारी, कायमचे बंद झाले. म्हणजे त्रेसष्ट वर्षे आणि वर जवळजवळ दहा महिने एवढेच त्याचे आयुष्य.

एक स्थानक मोडले, त्याचे एवढे काय, असे कोणी म्हणेल. स्थानके मोडतात, नवी होतात. परंतु या स्थानकाची आणि ज्या लोहमार्गावर ते होते त्या लोहमार्गाची गोष्ट निराळी आहे. महायुद्धात जर्मन बाँबनी त्याला ठिकठिकाणी तोडले, तरी तो पुन्हा उभा राहून चालू लागला. मग शांततेच्या काळात, कोणी एक दगडही न मारता, तो बंद का पडला? लोकांना नकोसा झाला म्हणावे, तर शेवटच्या दिवसापर्यंत गाड्यांना गर्दी होती. तेव्हा ही कहाणी एका स्थानकाची असली, तरी तिच्यातून निघणारा प्रश्न कोणत्याही शहराचा आहे. सर्वांच्या उपयोगाची वस्तू सांभाळण्याचा खर्च कोणी करायचा, हा तो प्रश्न.

लिव्हरपूल आपल्याला अगदीच परके नाही. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे १८६१ ते १८६५ या काळात तिकडचा कापूस अडला, तेव्हा लँकेशायरच्या गिरण्यांना आपल्याकडच्या कापसाची आठवण झाली. मुंबईच्या बाजारात त्या चार वर्षांत पैशाचा जो पूर आला, ज्याच्या जोरावर शेअरांचा वेडा सट्टा झाला, आणि जो १८६५ साली ओसरताच भल्याभल्या पेढ्या बुडाल्या, तो पूर लिव्हरपूलच्या कापूसबाजारातून आलेला होता. पुढे अँकर लाइन कंपनीच्या बोटी मुंबई व लिव्हरपूल यांच्या दरम्यान कित्येक दशके जा-ये करीत. विलायतेला शिकायला गेलेल्या अनेकांनी इंग्लंडच्या भूमीवर पहिले पाऊल त्या बंदरातच ठेवले. मुंबईहून इंग्रजी बोटींवर चढणाऱ्या खलाशांत रत्नागिरीकडचे कोकणी मुसलमान असत आणि भांडारी-स्वयंपाकी म्हणून गोवेकर असत. अशा माणसांच्या ओळखीचे ते शहर होते.

या शहराची ठेवण समजली म्हणजे ही उंचावरची गाडी का हवी होती ते समजते. मर्सी नदीच्या पूर्व काठाने सुमारे सात मैल एकीला लागून एक अशा गोद्यांची रांग होती. चोरी होऊ नये म्हणून या गोद्यांभोवती उंचच उंच दगडी भिंत घातलेली. भिंतीच्या बाहेरून एक लांबलचक रस्ता जाई. त्या रस्त्यावर मालाच्या घोडागाड्या, त्यांच्यामधूनच रुळांवरून रखडत जाणाऱ्या गोदीच्या मालगाड्या, बाजूला वखारी, आणि या सर्वांतून वाट काढीत कामावर जाणारी हजारो माणसे. एखादी मालगाडी वखारीपुढे उभी राहिली की मागची सगळी रांग अडे. गोदी कामगार तर रोजंदारीचा. सकाळी ज्या गोदीत काम निघेल तिथे वेळेवर पोचला तर त्या दिवसाची मजुरी, नाही तर दिवस फुकट. अशा माणसाला सात मैलांच्या रांगेत या टोकाकडून त्या टोकाकडे लवकर जाता येणे म्हणजे चैन नव्हती. त्याच्या घरच्या चुलीचा तो प्रश्न होता. रस्ता रुंद करायला जागा नव्हती. तेव्हा रस्त्याच्या डोक्यावर दुसरा रस्ता बांधावा, ही कल्पना शहरात पुष्कळ वर्षे घोळत होती.

बंदराचा कारभार पाहणाऱ्या गोदी मंडळाने या कामाची परवानगी मिळवली खरी, पण स्वतः ते केले नाही. १८८८ साली लिव्हरपूल ओव्हरहेड रेल्वे कंपनी नावाची खाजगी मंडळी उभी राहिली आणि मंडळाचे अधिकार तिच्याकडे आले. जागा मंडळाची, लोहमार्ग कंपनीचा, आणि प्रवासी शहराचे, अशी ही तीन पायांची तिवई होती. पुढील कथेच्या दृष्टीने ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

१८८९ साली बांधकामास आरंभ झाला. मुख्य अभियंते दोन होते : सर डग्लस फॉक्स आणि जेम्स हेन्री ग्रेटहेड. यांपैकी ग्रेटहेड हे नाव लक्षात राहण्यासारखे आहे. जमिनीखाली बोगदा खणताना माती अंगावर येऊ नये म्हणून पुढे सरकवीत न्यायच्या लोखंडी ढालीत त्याने मोठी सुधारणा केली, आणि १८९० साली लंडनमध्ये उघडलेला विजेवर चालणारा पहिला खोल भुयारी लोहमार्ग त्याच्याच देखरेखीखाली झाला. ज्याने माणसांना जमिनीखालून नेले, त्यानेच तीन वर्षांत त्यांना रस्त्याच्या वरून नेले.

प्रारंभी येथेही वाफेची इंजिने चालवावीत असा विचार होता. न्यूयॉर्कमध्ये उंचावरचे लोहमार्ग त्यापूर्वीच झाले होते, पण ते वाफेवर चालत. खालून जाणाऱ्याच्या अंगावर राख, निखारे आणि तेल पडणे ही तेथे नित्याची तक्रार होती. शिवाय गोद्यांत कापूस, लाकूड, तेल असा ज्वालाग्राही माल. उडत्या ठिणग्यांची गाडी त्यावरून नेणे म्हणजे आगीला आमंत्रण. म्हणून विजेची निवड झाली, आणि जगातील पहिला विजेवर चालणारा उन्नत लोहमार्ग होण्याचा मान लिव्हरपूलकडे गेला. वीजघर ब्रॅमली-मूर नावाच्या गोदीजवळ होते. तेथे जहाजांत कोळसा भरण्यासाठी उंचावरून कोळशाच्या गाड्या येत, त्या उंच मार्गाच्या कमानींखालीच वीजघर बसवले होते. त्यामुळे कोळसा वरून थेट खाली पडे, वाहून आणावा लागत नसे. गंमत अशी की, या कोळशाच्या पुलाच्या वरून जाणे शक्य नसल्यामुळे आपल्या उंच गाडीला तेवढ्यापुरते एकदम खाली उतरून, पुलाखालून निघून, पुन्हा वर चढावे लागे. स्टॅन्ली गोदीच्या तोंडाशी जहाजांना वाट द्यायची म्हणून दुमजली फिरता पूल केला होता : खालून रस्ता, वरून रेल्वे. गाड्यांना निराळे इंजिन नव्हते, डब्यांनाच विजेची यंत्रे बसवलेली होती. म्हणून शेवटच्या स्थानकावर इंजिन फिरवून लावण्याचा खटाटोप नसे. सिग्नलही जाणाऱ्या गाडीमुळे आपोआप पडत व उठत. १८९३ साली हे सगळे अपूर्व होते.

४ फेब्रुवारी १८९३ रोजी लॉर्ड सॉल्झबरी यांनी वीज सुरू करून या लोहमार्गाचे उद्घाटन केले. आपल्याकडील वाचकांना हे गृहस्थ निराळ्या कारणाने ठाऊक आहेत. इंग्लंडचे पंतप्रधान असताना १८८८ साली दादाभाई नौरोजींचा ‘काळा माणूस’ असा उल्लेख त्यांनी जाहीर भाषणात केला होता, आणि त्या उद्गाराने उलट दादाभाईंचेच नाव इंग्लंडात घरोघर झाले. १८९२ साली दादाभाई पार्लमेंटात निवडून आले आणि त्याच वर्षी सॉल्झबरींची सत्ता गेली. लिव्हरपूलची विजेची कळ त्यांनी दाबली ती विरोधी पक्षाचे पुढारी म्हणून. महिन्याभराने, ६ मार्चला, प्रवासी वाहतूक सुरू झाली. १८९४ साली हा लोहमार्ग उत्तरेकडे सीफोर्थ सँड्सपर्यंत आणि १८९६ साली दक्षिणेकडे डिंगलपर्यंत वाढवण्यात आला. डिंगलचे स्थानक टेकडीच्या पोटात, भुयारात होते. आकाशातून निघालेली गाडी शेवटी पाताळात जाऊन थांबे. सगळी लांबी सहा मैलांहून थोडी अधिक झाली.

या रांगेच्या साधारण मधोमध पिअर हेड. सेंट निकोलस हे खलाशांचे जुने देऊळ, आणि त्याच्या पायथ्याशी रस्त्यावर उभारलेले हे स्थानक. १८९३ साली जिन्याने वर चढून नदीकडे पाहिले, तर समोर जॉर्ज गोदीचे पाणी दिसे. १७७१ सालची ही गोदी नव्या मोठ्या जहाजांना अपुरी पडू लागली होती. शतक संपता संपता ती भरून टाकण्यात आली आणि त्या भरावावर तीन प्रचंड इमारती एकामागून एक उठल्या : १९०७ साली गोदी मंडळाची घुमटाची इमारत, १९११ साली दोन मनोऱ्यांवर दोन धातूचे पक्षी बसवलेली रॉयल लिव्हर इमारत, आणि १९१७ साली त्या दोहोंच्या मधली क्युनार्ड जहाज कंपनीची इमारत. लिव्हरपूलचे चित्र म्हणून आज जे सर्वत्र छापले जाते ते या तिघींचे. त्या चित्राच्या पाठीमागे, कॅमेऱ्याला न दिसणाऱ्या बाजूने, आपले स्थानक उभे होते. आणि त्या तिन्ही इमारतींपेक्षा ते वयाने वडील होते.

या स्थानकाची गर्दी दोन प्रकारची असे. सकाळ-संध्याकाळ गोदी कामगार, कारकून, वखारवाले, जहाजदुरुस्तीचे लोहार-सुतार. दिवसभर मात्र निराळी माणसे. जवळच नदीवर तरंगता लांबलचक धक्का होता. पलीकडच्या काठावर जाणाऱ्या होड्या तेथून सुटत आणि अमेरिकेला जाणाऱ्या बोटीही तेथूनच सुटत. १८३० ते १९३० या शंभर वर्षांत सुमारे ९० लक्ष माणसे लिव्हरपूलहून समुद्रापार स्थायिक होण्यासाठी गेली असे मानतात. त्यांच्यापैकी उत्तरार्धातल्या कित्येकांनी युरोपच्या भूमीवरील शेवटची घरघर ऐकली ती याच लोखंडी पुलाची.

लोकांनी या लोहमार्गाला एक लाडके नाव ठेवले होते : ‘गोदीवाल्यांची छत्री’. लिव्हरपूलला पाऊस भरपूर. कामगार रस्त्याने चालताना पुलाखालून चालत आणि कोरडे राहत. तिकीट न काढताच पुलाचा उपयोग करून घेणारी ही माणसे वर गाडीत बसणाऱ्यांइतकीच त्याला आपला मानीत. छत्री धरणाऱ्या कंपनीला त्याबद्दल कोणी पै दिली नाही आणि कोणी मागितलीही नाही.

छत्रीसारखाच त्याचा दुसराही एक फुकटचा उपयोग होता. गोदीच्या भिंती एवढ्या उंच होत्या, की ज्या बंदरावर सारे शहर जगत होते ते बंदर शहरातल्या सामान्य माणसाला दिसतच नसे. बाईमाणसांना, मुलांना, म्हाताऱ्यांना भिंतीच्या आत काय चालते याचा पत्ता नसे. उंचावरच्या गाडीत बसले की भिंत खाली राही आणि सगळे बंदर डोळ्यांपुढून सरकू लागे : डोलकाठ्या, धुरांडी, कापसाचे गठ्ठे, धान्याचे ढीग, रंग खरवडणारे खलाशी. सुटीच्या दिवशी कुटुंबेच्या कुटुंबे केवळ बोटी पाहण्यासाठी या टोकापासून त्या टोकापर्यंत जाऊन येत. १८९७ साली फ्रान्सच्या लुमिएर बंधूंच्या वतीने प्रोमिओ नावाचा छायाचित्रकार आला आणि त्याने चालत्या गाडीतून गोद्यांचे चलच्चित्र घेतले. याच लुमिएर बंधूंचे खेळ आदल्याच वर्षी, ७ जुलै १८९६ रोजी, मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झाले होते. चालत्या वाहनातून घेतलेल्या आरंभीच्या चित्रांत लिव्हरपूलच्या चित्राची गणना होते. त्यामुळे तो लोहमार्ग गेला, तरी त्याच्या खिडकीतून दिसणारे दृश्य आज आपल्याला पाहता येते.

तेव्हा ही गाडी प्रवाशांना वाहून नेई, पायी जाणाऱ्यांना आसरा देई आणि नागरिकांना त्यांचे शहर दाखवी. यांपैकी कंपनीच्या वहीत जमेला धरले जाई ते फक्त पहिले काम. बाकीची दोन कामे वहीच्या बाहेर राहिली. या लोहमार्गाचा पुढला सगळा इतिहास या एका गोष्टीत सामावलेला आहे.

त्या वहीतली जमाही कधी फारशी निश्चिंत नव्हती. १८९८ पासून शहराच्या ट्रामगाड्या विजेवर चालू लागल्या आणि स्वस्त भाड्याने प्रवासी ओढू लागल्या. कंपनीने गाड्यांचा वेग वाढवून पाहिला, पण विजेचा खर्च परवडेना. २३ डिसेंबर १९०१ रोजी डिंगलच्या भुयारात एका गाडीच्या विजेच्या यंत्राला आग लागून सहा माणसे मृत्युमुखी पडली. कंपनीचा उत्साह मात्र टिकून होता. १९०१ सालीच सीफोर्थ सँड्स स्थानकावर तिने सरकता जिना बसवला. इंग्लंडात ती नवलाई होती. बायकांचे लांब झगे त्यात अडकून नुकसानभरपाईचे दावे होऊ लागले आणि १९०६ साली तो काढावा लागला, असे सांगतात. १९२१ साली रंगीत दिव्यांचे स्वयंचलित सिग्नल या मार्गावर बसले, ते ब्रिटनमध्ये पहिल्यानेच. पहिले महायुद्ध संपले त्या सुमारास वर्षाकाठी जवळजवळ दोन कोटी प्रवासी या गाडीने जात.

मग दुसरे महायुद्ध आले. अमेरिकेतून येणारे धान्य, तेल, दारूगोळा लिव्हरपूललाच उतरत असल्यामुळे या गोद्यांवर जर्मनीचा डोळा होता. डिसेंबर १९४० मध्ये पिअर हेड स्थानकाशेजारचे सेंट निकोलसचे देऊळ जळाले, मनोरा तेवढा राहिला. १९४१ च्या मे महिन्याचा पहिला आठवडा तर लिव्हरपूलकर विसरलेले नाहीत. त्या सात-आठ रात्रींत मर्सीकाठी सुमारे १७०० माणसे ठार झाली. हस्किसन गोदीत ‘मालाकंद’ नावाचे जहाज सुमारे हजार टन बाँबगोळ्यांसह पेटले आणि फुटले, तेव्हा त्याचे पत्रे दूरदूरपर्यंत उडाले. उन्नत लोहमार्गालाही या काळात अनेक ठिकाणी भगदाडे पडली. तुटलेल्या भागापुरत्या मोटारी चालवायच्या, पुढे पुन्हा गाडी धरायची, आणि तोवर पुलाची दुरुस्ती करायची, असे करीत कामगारांनी तो चालू ठेवला. शत्रूला जे साधले नाही ते पुढे गंजाला साधले.

गंज एका दिवसाचा नव्हता. रुळांखालची सगळी जमीन कमानदार लोखंडी पत्र्यांची होती. रचना मजबूत आणि हलकी, पण तिच्यात एक खोड होती : पत्र्यांच्या खाचांत पावसाचे पाणी, धूळ आणि काजळी साचून राही. खालून गोदीच्या मालगाड्यांची वाफेची इंजिने दिवसरात्र जात. त्यांचा धूर आणि वाफ पत्र्याच्या पोटाला लागे. त्यात नदीवरची खारी हवा. वर पाणी, खाली आम्लाची वाफ, अशा दुहेरी माऱ्यात ते लोखंड साठ वर्षे होते. गोदीवाल्यांवर धरलेली छत्री इंजिनांवरही धरलेली होती, आणि इंजिनांनी तिला आतून भोके पाडली.

युद्ध संपल्यावर कंपनीने काय केले? तिने काही डबे नव्या धर्तीचे केले, त्यांना सरकते दरवाजे बसवले. लोकांना डबा दिसतो. डब्याखालचा पत्रा दिसत नाही. म्हणून कंपनीला सर्वस्वी दोष देणेही बरोबर नाही. तिच्याजवळ होते तेवढ्यात तिने प्रवासी राखण्याचा प्रयत्न केला. १९४८ साली ब्रिटनमधील रेल्वे राष्ट्राच्या मालकीच्या झाल्या, तेव्हा नदीखालून जाणारी मर्सी रेल्वे सरकारने घेतली. ही मात्र स्थानिक गाडी म्हणून बाहेर राहिली. एकाच शहरातल्या दोन गाड्या, एक पाण्याखालची आणि एक रस्त्यावरची. खालचीला वाली मिळाला, वरची पोरकी राहिली. खालची आजही चालू आहे.

१९५५ साली तज्ज्ञांनी पुलाची तपासणी केली. निष्कर्ष असा निघाला, की पत्रे बदलल्याशिवाय लोहमार्ग फार वर्षे चालवता येणार नाही, आणि त्यासाठी सुमारे २० लक्ष पौंड लागतील. एवढी रक्कम कंपनीला कोठून मिळणार? मग सुरू झाली ती तिवईच्या तीन पायांची ओढाताण. गोदी मंडळाची जागा आणि गोद्यांचे कामगार, पण मंडळ म्हणे रेल्वे आमची नाही. प्रवासी शहराचे, पण नगरपालिकेच्या स्वतःच्या बसगाड्या होत्या. परक्या कंपनीचा गंज तिने का विकत घ्यावा? राष्ट्रीय वाहतूक मंडळाने १९४८ साली जी वस्तू घेतली नव्हती ती मोडकळीला आल्यावर घेण्याचे त्याला कारण नव्हते. प्रत्येकाचे म्हणणे आपापल्या जागी कायद्याने बरोबर होते. तीन बरोबर उत्तरांची बेरीज मात्र चूक आली. लोकांनी निषेध केला, अर्ज केले. त्यांचा उपयोग झाला नाही. ३० डिसेंबर १९५६ च्या रात्री दोन्ही टोकांकडून शेवटच्या गाड्या निघाल्या. निरोप द्यायला आलेल्या माणसांनी त्या खचाखच भरल्या होत्या.

१९५७ च्या सप्टेंबरात मोडतोड सुरू झाली आणि १९५९ उजाडेपर्यंत खांब, तुळया, जिने सगळे भंगारात गेले. त्याच सप्टेंबर महिन्यात, १४ तारखेला, लिव्हरपूलची शेवटची ट्रामही धावली. म्हणजे नऊ महिन्यांच्या आत त्या शहराने रुळांवरची दोन साधने टाकून दिली आणि सगळा भार बसगाड्यांवर घातला. उंचावरची गाडी ज्या रस्त्याची कोंडी चुकवण्यासाठी बांधली होती, त्याच रस्त्यात आता बस उभी राहिली.

येथे दुसरी बाजू सांगणे न्यायाचे होईल. पुल दुरुस्त केला असता तरी तो फार काळ कामी आला असता का, असे काही जण विचारतात, आणि प्रश्न वाजवी आहे. १९६० नंतर बंदराचे रूप पालटले. माल मोठ्या लोखंडी पेट्यांतून येऊ लागला, हजार हातांचे काम एका यारीवर आले. दक्षिणेकडच्या गोद्या १९७२ साली बंद झाल्या आणि नव्या जहाजांसाठी उत्तरेला सीफोर्थ येथे मोठी गोदी झाली. ज्या कामगारांसाठी ही गाडी होती ते कामगारच राहिले नाहीत. तेव्हा २० लक्ष पौंड पाण्यात गेले असते, असा हा पक्ष आहे.

त्याला उत्तर पुढच्या काळाने दिले. १९७७ साली त्याच शहराने मध्यवस्तीखालून नवे भुयारी लोहमार्ग जोडून घेतले; याचा अर्थ, रुळांवरच्या गाडीची शहराला गरज उरली नव्हती असे नाही. १९८४ पासून जुनी अल्बर्ट गोदी पुन्हा माणसांनी गजबजू लागली. तेथे संग्रहालये आली, दुकाने आली, लोक राहू लागले. आपली उंच गाडी या गोदीच्या दारावरून जात असे. आणि ज्या ब्रॅमली-मूर गोदीजवळ तिचे वीजघर होते, ती गोदी भरून तेथे एव्हर्टन फुटबॉल क्लबचे पन्नास हजारांवर प्रेक्षकांचे मैदान २०२५ साली सुरू झाले. सामन्याच्या दिवशी एवढी माणसे तेथे आणायची कशी आणि परत न्यायची कशी, हा त्या शहरापुढचा आजचा प्रश्न आहे. जवळात जवळचे रेल्वेस्थानकही पायी पंधरा-वीस मिनिटांवर आहे. १९५६ साली हे कोणाला दिसणे शक्य नव्हते, आणि त्याबद्दल त्या माणसांना दोष देता येणार नाही. परंतु शहराचा उपयोग बदलतो आणि वाट मात्र पुन्हा पुन्हा उपयोगी पडते, एवढे तरी जुन्या शहरांच्या इतिहासावरून कळायला हरकत नव्हती. वाट एकदा मोडली, तिच्यावरचा हक्क आणि तिच्याखालची जागा एकदा विखुरली, की ती पुन्हा जुळवणे पत्रे बदलण्याहून कितीतरी अवघड असते.

आज पिअर हेडला गेले तर स्थानकाची खूण दिसत नाही. दूर एका गोदीच्या भिंतीत काही खांबांचे अवशेष आहेत, आणि डिंगलच्या भुयाराचे तोंड आहे. मात्र २०११ साली पिअर हेडवरच लिव्हरपूलचे नवे संग्रहालय उघडले, आणि त्यात या लोहमार्गाचा एक मूळ डबा, रस्त्यापासून जितका उंच तो पूर्वी असे तितक्याच उंचीवर, रुळांसकट मांडून ठेवला आहे. त्याची निगा उत्तम राखली जाते. चालत्या गाडीच्या पत्र्यासाठी ज्या समाजाला पैसा मिळाला नाही, त्याला थांबलेल्या डब्याच्या रंगासाठी तो मिळाला. ही गोष्ट एकट्या इंग्रजांची नाही. माणसाचा स्वभावच असा दिसतो.

ही कहाणी आज आपल्याला सांगण्याजोगी वाटते याचे कारण आपल्या डोक्यावर आहे. मुंबईत ८ जून २०१४ रोजी, नागपुरात २०१९ साली आणि पुण्यात २०२२ साली उंचावरून धावणाऱ्या गाड्या सुरू झाल्या. पुण्यातल्या पहिल्या गाड्या धावल्या तो दिवसही, योगायोगाने, ६ मार्चच होता. आपले खांब काँक्रीटचे आहेत, गाड्या नव्या आहेत, खालून वाफेची इंजिने जात नाहीत. त्यामुळे लिव्हरपूलचेच दुखणे आपल्याला होईल असे म्हणणे अडाणीपणाचे ठरेल. तथापि वास्तू कोणतीही असो, तिला स्वतःचा असा एक गंज असतोच. उद्घाटनाला पाहुणे येतात, कोनशिला बसते, वर्तमानपत्रांत चित्रे येतात. साठाव्या वर्षी पत्र्याखाली उतरून हातोडीने ठोकून पाहणाऱ्या माणसाचे चित्र कोणी छापत नाही, आणि त्याच्या अहवालासाठी पैसा कोणत्या खात्यातून काढायचा हे बांधतानाच ठरवून ठेवण्याची आठवण फार थोड्यांना होते.

लिव्हरपूलच्या त्या पुलाखालून पावसात कोरडे चालत गेलेल्या हजारो माणसांपैकी एकानेही छत्रीचे भाडे दिले नव्हते. त्यांच्यावर ते कोणी लावलेही नव्हते, आणि लावले असते तर वसूल झाले नसते. पण असे भाडे असते, आणि ते गावाने मिळून दर वर्षी थोडे थोडे भरायचे असते, हे कोणी तरी वेळेवर बोलायला हवे होते. ते बोलले गेले नाही, आणि १९५६ नंतर लिव्हरपूलचे गोदीवाले पावसात भिजत कामावर जाऊ लागले.